आई होती तिथं

इंटरनेटवर माझ्या भावाचं नाव टाकलं की तिसऱ्या ओळीत येतं, 'आईच्या अकाली निधनानंतर तो कवितेकडे वळला.' माझी आई गेल्या महिन्यात गेली. आम्ही दोघं सख्खी भावंडं आहोत, एका आईची, एका बापाची. आता हा हिशेब तुम्हीच लावा. मी लावून लावून थकले.

त्याला तुम्ही ओळखता. यादव सगुणा. मानेपर्यंत केस, खोल गेलेले डोळे. सिनेमात कुणी मेलं की मढ्याशेजारी बसवायला ज्याला बोलावतात, तो. सगुणा हे आमच्या आईचं नाव. आडनाव टाकून त्याने आईचं नाव लावलं, म्हणून मुलाखती घेणाऱ्या पोरी लगेच हळव्या होतात. मी सविता, त्याची थोरली बहीण. पंचवटीत कारंज्याच्या मागच्या बोळात माझं फॉल-पिकोचं दुकान आहे आणि माझे मालक, वाल्मीक, रिक्षा चालवतात. माझ्याबद्दल इंटरनेटवर काही नाही, ते एक बरं आहे.

आमचं गाव घोटीच्या पुढे, डोंगराच्या अंगाला. वडील, गोटीराम, आम्ही शाळेत असतानाच गेले. आईने वावरात भात लावलं, बाकीचे दिवस घोटीच्या गिरणीवर भात वाळवायला गेली, आणि आम्हाला वाढवलं. आम्ही तिला 'बाई' म्हणायचो. आमच्याकडे पुष्कळ घरांत आईला बाईच म्हणतात. 'आई' हा शब्द यादवने पुढे कवितेत घातला, शहरातल्या लोकांना कळावं म्हणून. तेव्हाच मला जरा खटकलं होतं. पण म्हटलं, कवितेतलं आपल्याला काय कळतंय!

तर झालं असं. यादव नाशिकला कॉलेजात होता, हॉस्टेलवर राहायचा. बाई गिरणीच्या अंगणात वाळत घातलेलं भात पायाने उलटत होती, आणि दाण्यांना टपलेला एक कावळा सरळ तिच्या डोक्यावर येऊन बसला. नुसता बसला नाही, चोच मारून गेला. आता कुणी हसेल. हसा. पण आमच्याकडे डोक्यावर कावळा बसला की ती मरणाची चाहूल समजतात, आणि त्यावर उतारा एकच. ते माणूस मेल्याचा खोटा निरोप जवळच्या नात्यात धाडायचा. ऐकणाऱ्याने ते खरं समजून रडलं पाहिजे. खरं पाणी डोळ्यांतून पडलं की आलेलं मरण फसतं आणि माघारी जातं. म्हणून निरोप घेणाऱ्याला आधी काही सांगायचं नसतं.

बाईच्या भावाने, खंडेराव मामांनी, फोन लावला. मला नाही, यादवला. "लाडका त्योच हाय. रडंल तर त्योच रडंल," असं मामांचं म्हणणं. यादव तसाच एसटीत बसला, सगळ्या वाटेने रडत घोटीला पोचला आणि तिथून गावात आला. येऊन बघतो तर बाई चुलीपुढे नागलीची भाकरी थापतेय. तो उंबऱ्यातच बसला. हसावं का चिडावं, त्याला कळेना. बाईने पिठाचे हात झटकले आणि पदराने त्याचं तोंड पुसलं.

"रडला का रं?"

"रडलो की."

"लय?"

"लय रडलो, बाई."

"मंग झालं. आता नाय मी मरत."

पुढे कित्येक वर्षं ती हे भेटेल त्याला सांगायची. गिरणीवर, बाजारात, माझ्या दुकानात आलेल्या गिऱ्हाइकालासुद्धा. माझं पोर रडलं म्हणून मी वाचले. सांगताना तिचा चेहरा असा काही फुलायचा की ऐकणाऱ्याला कावळ्याचं विसरून तिच्याकडेच बघत बसावंसं वाटायचं.

पण त्या एसटीत यादवच्या डोक्यात एक कविता शिरली होती. बाई जिवंत दिसली म्हणून ती काही बाहेर पडली नाही.

तेव्हा कॉलेज रोडच्या एका कॅफेत मंजुषा नावाची मुलगी स्लॅम भरवायची. स्लॅम म्हणजे कवितेची कुस्तीच. मोजकी मिनिटं मिळतात, हातात कागद चालत नाही, स्वतः लिहिलेलं स्वतःच बोलायचं, आणि समोर बसलेले गुण देतात. आवडलं तर टाळ्या नाहीत, चुटक्या वाजवतात. यादव तिथे उभा राहिला आणि त्याने ती एसटी सांगितली.

*कंडक्टर म्हणाला, कुठं?*
*मी म्हणालो, आई होती तिथं.*
*म्हणाला, तसा थांबा नाही.*
*मग म्हणालो, घोटी द्या. हाफ.*
*म्हणाला, एवढा घोडा, हाफ कसा?*
*म्हणालो, अर्धा आत्ताच गेलोय.*

अशी ती पुढे बरीच आहे. चुटक्या कुणी वाजवल्याच नाहीत, माणसं रडत बसली. मंजुषा पुढे आली, तिने त्याचा हात धरला आणि विचारलं, "कधी गेल्या आई?"

आता इथे बोलायचं. अहो, गेली नाही, कावळा बसला होता, असं झालं, तसं झालं. सगळे हसले असते, वर कौतुकही केलं असतं. पण यादवने मान खाली घातली. मी त्याला नंतर विचारलं तेव्हा म्हणाला, "ताई, स्लॅममध्ये 'मी' म्हटलं की तो मीच असतो. तिथं गुण कवितेला नसतात, खरेपणाला असतात. ते खोटं निघालं तर जोडे पडतात." म्हणजे खरेपणाचे गुण मिळवायला खोटं बोलायचं. मला हे समजायला वेळ लागला, कारण मी फक्त बारावी.

त्या कवितेचा व्हिडिओ फिरला. पुणं झालं, मुंबई झाली, दिल्ली झाली. त्याने दुसऱ्याही कविता केल्या होत्या. एक हॉस्टेलच्या मेसवर होती, एक घोटीच्या बाजारावर. तीत तांदळाचं माप घालणारा म्हातारा होता. ती तर मला फार आवडायची. पण तो उभा राहिला की खालून पोरं ओरडायची, "आईवाली म्हणा, आईवाली!" मग तो आईवाली म्हणायचा. हळूहळू बाकीच्या कविता त्याने करणंच सोडलं.

गावी आला की हे सगळं तो बाईला सांगायचा, तेव्हा अजून लपवालपवी नव्हती. बाई हसून हसून लोळायची. "सांग सांग," म्हणायची. "जेवढ्यांदा मला मारशील तेवढं माझं आयुक्ष वाढंल. शंभरी भरवतो का काय माझी!" आणि त्याचं डोकं मांडीवर ओढून केसांना तेल चोळायची. तेव्हा आम्ही तिघंही हसायचो. आईच्या मरणावर आई धरून तिघं हसणारं घर महाराष्ट्रात आमचंच असेल.

मग सिनेमा आला. कुठल्याशा दिग्दर्शकाने व्हिडिओ पाहिला आणि म्हणाला, या पोराच्या डोळ्यांत खरं दुःख आहे. पहिल्या सिनेमात यादवचा बाप मेला. दुसऱ्यात भाऊ. एका वेब सीरिजमध्ये अख्खं गाव पुरात गेलं आणि हा एकटा झाडावर राहिला. हसायचा रोल त्याला कुणी दिलाच नाही. दर मुलाखतीत तोच प्रश्न, "इतकं खरं रडता, हे येतं कुठून?" आणि याचं ठरलेलं उत्तर, खाली बघत, "माझी आई..." एवढं बोलून थांबायचं. वाक्य पुरं करत नव्हता, हेही खरं. त्याच्या बाजूने एवढंच एक सांगता येईल.

नाव झालं तसं त्याचं येणं बदललं. टोपी आणि मास्क लावून गाडीतून उतरायचा, घरात शिरला की दार लोटायचा. बाईशी फोनवर रोज बोलायचा, हेही सांगते. मला त्याच्यावर नसता आळ घ्यायचा नाही. माया होती. फक्त ती दार लावून करायची होती.

दोन वर्षांपूर्वी त्याचा मोठा सिनेमा लागला. नाशिकला खास खेळ होता, तो स्वतः येणार होता. बाईने हट्टच धरला. तिचे गुडघे गेलेले, तेव्हा ती माझ्याकडेच राहायला आलेली. मी यादवला फोन केला तर म्हणाला, "ताई, नको आणू. गर्दी असते, तिला झेपणार नाही." मी म्हटलं, तिच्या पोराचा सिनेमा ती नाही बघणार तर कोण शेजारीण बघणार? मी तिला नवीन चोळी शिवली, तिने ठेवणीतलं हिरवं लुगडं नेसलं, आणि वाल्मीकनी आम्हाला रिक्षातून मॉलच्या दारात सोडलं.

वर माणसंच माणसं, कॅमेरे, दिवे. मधोमध यादव. बाईने त्याला बघितलं आणि गुडघे विसरून गर्दीत घुसली. "यादव!" अशी हाक मारली, शेताच्या बांधावरून मारावी तशी. जाऊन त्याच्या गालांवरून हात फिरवले आणि आपल्या कानशिलांवर कडाकडा बोटं मोडली. सगळे कॅमेरे तिच्याकडे वळले. माईकवाल्या मुलीने विचारलं, "सर, या कोण?"

यादवने बाईकडे बघितलं. मग माझ्याकडे. मग कॅमेऱ्याकडे. आणि म्हणाला, "माझी मावशी. आई गेल्यावर हिनंच मला माया लावली."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी तोंड उघडलं, तर बाईने माझं मनगट असं आवळलं की बांगडी पिचली. माईक तिच्यापुढे आला होता. "मावशी, आज कसं वाटतंय?"

"लय बरं वाटतंय," बाई म्हणाली. "माझ्या बहिणीची लय विच्छा व्हती, पोराचं नाव व्हावं आसं. ती आज पाहिजे व्हती."

असं म्हणून तिने पदराने डोळे टिपले. अभिनय यादवमध्ये कुणाकडून आला, ते मला त्या दिवशी कळलं.

सिनेमात तो चितेपुढे रडतो असा मोठा प्रसंग आहे. थिएटरात सगळीकडून नाक ओढल्याचे आवाज येत होते. बाई माझ्या कानाला लागली. "सवे, ह्यो माझ्यासाठीच रडतोय ना गं?"

"हो, बाई."

"मंग बरंय."

परत येताना रिक्षा आमच्या बोळाच्या तोंडाशी आल्यावर ती म्हणाली, "सवे, तुला माझ्या गळ्याची आन हाय. कुणापाशी बोलायचं नाय. पोराचं वाटोळं व्हईल."

"आणि तुझं गं, बाई?"

"माझं काय? मी हाय ना."

गळ्याची आन मोडली तर जिच्या गळ्याची असते तिचा जीव जातो, हे मला लहानपणापासून पढवलेलं. मी काय करणार? आपलेच दात आणि आपलेच ओठ. त्या दिवसापासून बाईने कावळ्याची गोष्ट सांगणं बंद केलं. गिऱ्हाइकांपुढे ती यायचीच नाही, आत माजघरात बसून तांदूळ निवडत राहायची. एकदा एका गिऱ्हाइकाने मला विचारलं, त्या तुमच्या आई का? मी उत्तर द्यायच्या आत आतून आवाज आला, "मी मावशी हाय त्यांची." तिला कुणी विचारलं नव्हतं. तिने स्वतःच स्वतःला मिटवायला घेतलं होतं, आणि मला ते रोज माझ्याच घरात बघावं लागत होतं. यादवला मी एकदा फोनवर हे सांगितलं. तो म्हणाला, "योग्य वेळ आली की मी सगळं सांगणार आहे, ताई." ती वेळ काही येत नव्हती.

गेल्या महिन्यात सकाळी ती तांदूळ निवडता निवडता कलंडली. वाल्मीकनी उचलून रिक्षात घातलं, पण दवाखान्याच्या पायरीवरच डॉक्टरने मान हलवली. मी तिथल्याच बाकावर बसून फोन लावला.

"यादव, बाई गेली."

अगदी बारीक आवाजात त्याने विचारलं, "ताई, कावळा बसला का?"

तो थट्टा करत नव्हता. त्याच्या आवाजात आशा होती. मी नुसतं हो म्हणावं, एवढीच त्याची विनवणी होती. त्याच्यावर मी आज कितीही चिडलेली असले तरी ते चार शब्द मला विसरता येत नाहीत.

"नाही रे," मी म्हटलं. "कावळा नाही. खरंच गेली."

मग तो रडला. मी ऐकत होते. रडून झाल्यावर म्हणाला, "मी मध्य प्रदेशात आहे, शूटिंग चालू आहे. सोडतात का बघतो." संध्याकाळी त्याचा फोन आला. सोडत नव्हते. आईसाठी सोडलं असतं. पण आई गेली असं सांगणार कसं? त्याला तो रोलच आई गेलेली म्हणून मिळाला होता. त्याने मावशी गेली असं सांगितलं. आणि मावशीसाठी कुणी शूटिंग थांबवत नाही. एक दिवस देऊ म्हणाले, तोही पुढे.

"दहाव्याला येतो," तो म्हणाला.

अग्नी मी दिला. खंडेराव मामा कुरकुरले, "पोरगा आसताना पोरीनं?" मी म्हटलं, "कुठंय पोरगा? दाखवा, त्याच्या हातात देते."

दहाव्याला आम्ही रामकुंडावर गेलो. घाटावर नेहमीसारखी झुंबड, पाच-सहा ठिकाणी पिंड मांडलेले, न्हावी ओळीने बसलेले. यादव आला. टोपी, मास्क, काळा चष्मा. माझ्या पायाशी वाकला. मी त्याला जवळ घेतलं, कारण किती झालं तरी भाऊ आहे, आणि बाईच्या पोटचं आता मला त्याच्याशिवाय दुसरं होतं तरी कोण? गुरुजी म्हणाले, "मुलगा आला ना? चला, क्षौर उरकून घ्या."

यादव जागचा हलला नाही. मला बाजूला घेऊन म्हणाला, "ताई, केस नाही काढता येणार. कंटिन्युइटी आहे."

"ते काय असतं?"

"अर्धा सिनेमा या केसांत झालाय. उद्या मी टकला उभा राहिलो तर आधीचं सगळं वाया. माझ्या करारात लिहिलंय."

"त्यांना सांग की, आई गेली. माणसंच आहेत ना ती?"

"आई कशी जाईल, ताई?" तो जवळजवळ ओरडलाच, आणि मग आजूबाजूला बघून आवाज खाली आणला. "तूच सांग. कशी जाईल?"

मला त्याच्या एक ठेवून द्यावीशी वाटली. ज्या केसांना त्या माउलीने आयुष्यभर तेल चोळलं, ते तिच्यासाठी उतरवायचे नाहीत, कारण ते आता सिनेमाचे आहेत. मी काही बोलणार, तेवढ्यात मागे हालचाल झाली. वाल्मीकनी सदरा काढून माझ्या हातात दिला आणि ते जाऊन न्हाव्यापुढे बसले.

"अवो जावईबापू," खंडेराव मामा धावले, "जावयानं सासूसाठी डोकं? कधी ऐकलं नाय आसलं."

"आता ऐका," वाल्मीक म्हणाले आणि त्यांनी मान खाली घातली. सासूला मामी म्हणायची आमच्याकडची रीत. लग्नापासून ते बाईला मामीच म्हणत आले. दोघांचं फारसं बोलणंही नव्हतं. सकाळी रिक्षा काढताना "मामी, काही आणायचं का?" आणि तिचं "काय नाय, सांभाळून जावा." एवढंच. यादव वस्तऱ्याखाली पडणाऱ्या केसांकडे बघत उभा राहिला. म्हणाला, "थँक्यू, दाजी." दाजींनी वर बघितलं नाही.

पिंड मांडला. मी नागलीची भाकरी, गूळ आणि बाईच्या आवडीचा मऊ भात ठेवला. कावळे होते. समोरच्या कठड्यावर ओळीने बसले होते, शेजारच्या पिंडांवर उतरतही होते. आमच्याकडे एक फिरकेना. मामा हात जोडून म्हणाले, "सगुणे, पोरांचं आमी बघू. काळजी सोड." काही नाही. मी म्हटलं, वावर विकणार नाही. काही नाही. मामांनी यादवला पुढे ढकललं. "तू बोल. तिचा जीव तुझ्यात आडाकलाय."

तिला काय पाहिजे होतं ते मला ठाऊक होतं. मी यादवच्या कानाशी गेले. "एकदाच म्हण. मोठ्यानं. ही माझी आई होती, म्हण. दुसरं काही नको."

त्याने मास्क खाली घेतला. ओठ हलले. मी देवाशपथ सांगते, तो म्हणणार होता. आणि तेवढ्यात मागून आवाज आला, "सर? तुम्ही यादव सगुणा ना?"

एक कॉलेजची मुलगी होती, शेजारच्याच कुणाच्या दहाव्याला आलेली. डोळे रडून सुजलेले, हातात मोबाइल. "सर, तुमची आईवाली कविता मला तोंडपाठ आहे. आजोबा गेल्यापासून मी तीच ऐकतेय. तुमचं कोण गेलं, सर?"

यादवने पिंडाकडे बघितलं.

"मावशी," तो म्हणाला.

गळ्याची आन होती मला. पण तो गळाच आता राहिला नव्हता. मी पुढे झाले आणि अख्ख्या घाटाला ऐकू जाईल अशा आवाजात म्हटलं, "मावशी नाही. आई आहे. त्याची आणि माझी सख्खी आई. आत्ता दहा दिवसांमागे गेली. तुझ्या त्या कवितेत जी मेली ती घरी बसून तांदूळ निवडत होती!"

मुलगी गोंधळून माझ्याकडे बघत राहिली, मग त्याच्याकडे. मामा खाली बघायला लागले. इतक्या वर्षांचं एकदाचं बाहेर पडलं होतं. मला वाटलं, आता संपलं. आता याला हो म्हणावंच लागेल.

यादवने माझ्या खांद्यावर हात ठेवला. हळुवार. त्याचे डोळे भरून आले, खालचा ओठ थरथरला. माझं डोकं त्याने आपल्या छातीशी घेतलं आणि माझ्या केसांवरून त्या मुलीला म्हणाला, "आई गेली तेव्हा हिला या मावशीनंच सावरलं. ही तिलाच आई मानायची. धक्का बसलाय तिला."

असा आवाज, असं थांबणं. मी खोटं बोलतेय असं एका क्षणाला मलाच वाटलं. मुलीच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी आलं. तिने माझा हात हातात घेतला. "ताई, होतं हो असं. माझ्या मम्मीलाही असंच झालंय," म्हणाली, आणि फोटो न काढताच गेली. चांगली पोरगी होती. त्याचे सगळे सिनेमे मी बघितलेत, पण एवढं चांगलं काम त्याने कुठेच केलेलं नाही.

मी त्याचा हात झटकला. वर रस्त्यावर त्याची गाडी हॉर्न देत होती. थोड्या वेळाने तो गुरुजींना म्हणाला, "कावळा नाही शिवला तर दर्भाचा करतात ना?"

"करतात," गुरुजी म्हणाले. "पण थांबा थोडं. येतात, उशिरा येतात कधी कधी."

"मला निघायचंय."

गुरुजींनी माझ्याकडे बघितलं, मग दर्भाच्या काड्या दुमडून, गाठ मारून त्याचा कावळा केला आणि त्याच्या हातात दिला. मुलगा म्हणून. यादवने ते गवत पिंडाला लावलं आणि तिथेच गुडघ्यांवर बसून रडला. ते रडणं खरं होतं का खोटं, मला ओळखू आलं नाही. पूर्वी मला यायचं. त्याला स्वतःला तरी येतं का, देव जाणे. मग उठून त्याने मास्क चढवला, मामांच्या पाया पडला, आणि पायऱ्या चढून गेला. मी पिंड गोदावरीत सोडला.

परतताना मी रिक्षात मागे एकटीच बसले होते. वाल्मीकच्या उघड्या डोक्यावर वस्तऱ्याच्या दोन-तीन बारीक जखमा होत्या, ऊन लागून लाल झालेल्या. कारंज्याच्या चौकात गाड्या अडकल्या. शेजारी स्कूटरवर एक म्हातारे गृहस्थ होते, भाजीची पिशवी पायाशी. त्यांनी ते डोकं बघितलं आणि आपल्याकडे विचारतात तसं विचारलं, "कोण गेलं, दादा?"

वाल्मीकनी गिअर टाकला.

"आई," ते म्हणाले.